वेणी : टेक एक

१

डिस्कचा दिवा लागला, स्क्रीनवर चौकोन उघडला, आणि तो चौकोन पांढराफेक होता, एकही फाइल नाही.

पियूषने वायर काढली, फुंकर मारली, परत लावली. पुन्हा तोच पांढरा चौकोन.

"दुसरं पोर्ट बघ," श्वेता म्हणाली.

"तिसरं बघून झालं, ताई."

काळ्या डिस्कवरच्या पांढऱ्या चिकटपट्टीवर एडिटिंगला श्वेताच्या हाताखाली असलेल्या पियूषच्याच अक्षरात लिहिलेलं होतं : सीन ४१, वेणी, टेक १. तीन दिवसांपूर्वी, अष्टमीच्या दुपारी, सावनेरला एका घराच्या मागच्या अंगणात हा सीन शूट झाला होता. श्वेताच्या पहिल्या सिनेमाचा शेवट. चौदा वर्षं दुसऱ्यांचे सिनेमे आणि लग्नाचे व्हिडिओ कापून-जोडून झाल्यावर तिने स्वतः लिहिलेला, स्वतः दिग्दर्शित केलेला शेवट.

मुलगी सासरी गेलेली एक आई. गुडघ्यापर्यंत पोचणारी तिची वेणी रोज मुलगीच घालायची. आता घालणारं कोणी नाही, म्हणून ती एका दुपारी कात्री घेते. एवढीच गोष्ट. ती आई झाल्या होत्या सावनेरच्या यमुताई. वय बहात्तर, याआधी कॅमेरा पाहिला तो आधार कार्डाचा. आणि त्यांनी कापली ती वेणी खरी होती. श्वेताने विगला साफ नकार दिला होता. विग कापताना हात थरथरत नाही, असं तिचं म्हणणं.

म्हणजे टेक एकच. दुसरा घ्यायला केसच उरले नव्हते.

"दुसरी प्रत?" दाराशी उभ्या गार्गीने विचारलं.

पियूषने वायर गुंडाळायला घेतली, तेव्हा ती काय ते समजली.

२

गार्गी या सिनेमाची कंटिन्युइटी सांभाळायची. आधीच्या शॉटमध्ये कपाचा कान उजवीकडे होता तर पुढच्यातही उजवीकडेच हवा. पदर, घड्याळ, दाराची कडी, सगळं जिथल्या तिथे. त्यासाठी एक जाड वही आणि मोबाइलमधले हजारो फोटो. आज सोबत दहा महिन्यांची लेक रितिकाही होती, कारण पाळणाघराला दसऱ्याची सुट्टी एक दिवस जास्तच मिळाली होती.

"प्रत काहून नाही केली, पियूष?" तिने शांतपणे विचारलं.

"करणारच होतो. अष्टमीला कॅमेऱ्याचं कार्ड या डिस्कवर उतरवलं, तपासलं, कार्ड कोरं केलं. संध्याकाळी डिस्क इथे ड्रॉवरमध्ये ठेवली. म्हटलं, दुसरी प्रत उद्या. पण उद्या तर खंडेनवमी."

नागपूरच्या सक्करदऱ्यातला हा स्टुडिओ केशवकाकांचा. पहिल्या मजल्यावर स्टुडिओ, त्याच्या वर घर. तीस वर्षं लग्नाचे व्हिडिओ बनवणाऱ्या केशवकाकांचा एक नियम कोणी मोडलेला नव्हता : नवमीला कॅमेरे, कॉम्प्युटर, डिस्का सगळं पूजेला बसणार, आणि दसऱ्याची पूजा उतरेपर्यंत बटणाला बोट लावायचं नाही. अवजारांनाही वर्षातून एकदा विसावा पाहिजे, असं ते म्हणायचे.

"पुसलेलं परत काढायचं सॉफ्टवेअर सकाळपासून लावून बसलोय," पियूष म्हणाला. "एक फ्रेम सापडत नाहीये."

श्वेताने खुर्ची मागे सरकवली. आता ती सावकाश बोलली, आणि म्हणूनच ते जास्त लागलं.

"तुला तो सीन नकोच होता."

"ताई!"

"अकरा मिनिटं कोण बघेल म्हणालास. चार मिनिटांत आणतो म्हणालास. ड्रॉवरची किल्ली दोघांकडे, काकांकडे आणि तुझ्याकडे."

"लांब आहे म्हणालो. आजही म्हणतो. म्हणून मी पुसून टाकीन?" पियूषचे कान लाल झाले होते. "कात्री चालवायला तुम्हीच शिकवली मले. चोरी नाही शिकवली." त्याने खिशातून किल्ली काढून टेबलावर ठेवली आणि तो गॅलरीत जाऊन उभा राहिला.

श्वेताने दोन्ही हातांनी तोंड झाकलं. मग हात काढून म्हणाली, "गार्गी, कपाचा कान तुझ्या लक्षात राहतो. हेही शोध. मला यमुताईंना तोंड दाखवायचंय."

तेवढ्यात जिन्याशी चपला वाजल्या.

"तोंड दाखवाले आम्हीच आलो," कोणीतरी पुरुषी आवाजात म्हणालं.

३

देवराव, यमुताईंचा मुलगा. सावनेरला त्यांची पाच एकर संत्र्याची बाग. दसऱ्याच्या सकाळीही तो इथे येऊन ओरडून गेला होता, हे गार्गीला आत्ताच कळत होतं. त्याच्या मागून डोक्यावर पदर घेतलेल्या यमुताई हळूहळू चढत होत्या.

"मी जिता आहो, अन् माह्या मायचे केस कापले तुम्ही," देवराव उभ्यानेच बोलला. "गावात लोक मले विचारून राहिले, देवराव, घरात काही झालं का? तो सीन काढून टाका. काल सांगतलं, आज सांगून राहिलो."

"सीन निघालाच आहे," श्वेता म्हणाली. "डिस्क कोरी आहे."

देवरावच्या रागाला एकदम जागाच उरली नाही. त्याने आईकडे पाहिलं. गार्गीने ते पाहणं टिपलं. ज्याने स्वतः काही पुसलं असेल तो आधी डिस्ककडे बघेल, आईकडे नाही.

"कोरी म्हंजे?" यमुताईंनी विचारलं.

"म्हणजे काहीच नाही त्यात, आजी. सगळं गेलं."

यमुताई खुर्चीवर टेकल्या. पदर मागे सरकला. मानेशी कापलेले पांढरे केस पिंजारलेले होते, आणि त्यात त्या जराशा खोडकर दिसत होत्या.

"मंग आता काय? मी काही दुसऱ्यांदा वाढवून देत नाही बापा. तेवढी वर्षं नाहीत माह्यापाशी."

कोणालाच हसू आलं नाही, त्यांना स्वतःलासुद्धा.

"डोस्कं हलकं झालं, हे खरं. पण मले वाटलं होतं, माही पोरगी नर्मदा पाहीन हे. सुरतले दिली तिले. फोनवर म्हणते, आई, वेणी कोण घालते वं? म्या म्हणतलं, सिनेमात पाहाजो." त्यांनी मुलाकडे वळून विचारलं, "तू काही केलं का रे? खरं सांग."

"माय! म्या त्या खोलीत पायही नाही टाकला. तिथं पूजा मांडली होती. चपला घालून कसा जाईन? जिन्यातूनच बोंबललो अन् गेलो."

हे खरं वाटत होतं. भांडायला आलेला माणूसही मांडलेली पूजा ओलांडत नाही.

मग उरलं कोण? पियूष गॅलरीत, पाठमोरा. आणि वरच्या मजल्यावर केशवकाका, जे सकाळपासून एकदाही खाली आले नव्हते.

४

गार्गी रितिकाला घेऊन वर गेली तेव्हा केशवकाका झोपाळ्यावर बसून सुपारी कातरत होते. त्यांच्या बायकोने, सुभद्राकाकूंनी, रितिकाला उचलून घेतलं आणि तिच्या हातात चमचा दिला.

"मी कायले खाली येऊ?" काका म्हणाले. "पोरगी रडून राहिली असन. मले नाही पाहावत."

"तुम्हाला राग आलाय का तिचा, काका? ती लग्नाची कामं सोडणार म्हणून?"

"राग येते ना. बावीस वर्षांची होती, आली तेव्हा. वरातीत नाचणाऱ्या मामाचं तोंड कुठं कापाचं, एवढंही माहीत नव्हतं. मंग अशी तयार झाली, का मुंबईहून, पुण्याहून लोक फिल्म घेऊन याले लागले. हे दिग्दर्शक म्हणवणारे इथं खाली बसून तिले विचारत, मॅडम, सीन जमून नाही राहिला. ही सांगे, इथं बाईले काही बोलायले लावू नका, फक्त खिडकी लावू द्या. ते जात, तेवढं शूट करून आणत, अन् सीन उभा राहे. नाव त्यांचं." काकांनी अडकित्ता खाली ठेवला. "मीच म्हणतलं तिले, दुसऱ्याच्या खिडक्या लावत बसू नको, आपलं घर लिही. आता माह्यावर शक असन, तर तिले सांग, का वर येऊन विचार."

"शक नाही, काका. दसऱ्याच्या दिवशी खाली कोण कोण आलं, तेवढं सांगा."

"सकाळी तो सावनेरवाला बोंबलून गेला. संध्याकाळी सोनं द्यायला गल्लीतले लोक. अन् कळमेश्वरचे वामनराव, त्यायच्या पोरीच्या लग्नाची डिस्क घेऊन गेले. जूनमधलं लग्न. दिवाळीच्या आत देतो म्हणतलं होतं, दसऱ्यालेच दिली. मीच ड्रॉवर उघडून दिली. पट्टी वाचून दिली हो, चष्मा लावून. पूजेतल्या तीन डिस्का होत्या. एक लग्नाची, एक श्वेताची, अन् एक बिलकुल नवी. नवी वस्तू पूजेविना कशी वापराची?"

गार्गी वहीत लिहीत खाली उतरली. काकांच्या बोलण्यात खोटं काही नव्हतं. तरी काहीतरी चुकत होतं, एखाद्या शॉटमध्ये दाराची कडी उलटी लागलेली असावी तसं.

रितिका मागोमाग काकूंच्या कडेवरून आली, उतरली, रांगत थेट उघड्या ड्रॉवरशी गेली आणि आत हात घालून बसली. गार्गीने तिला ओढून घेतलं. इवलासा तळवा पिवळाधमक झाला होता.

हळद.

गार्गीने टेबलावरची डिस्क उचलली. ती स्वच्छ होती, पुसून लख्ख. मग तिने मोबाइल काढून अष्टमीच्या संध्याकाळचा फोटो शोधला : सावनेरचं अंगण, तिची वही, आणि वहीवर ठेवलेली सीन एक्केचाळीसची डिस्क. दिवस संपताना असा फोटो काढायची तिची सवय.

तिने फोटो मोठा केला. डिस्ककडे पाहिलं. परत फोटो पाहिला.

"पियूष," तिने गॅलरीत हाक मारली, "आत ये. आणि ताई, तुम्हीही. तुमचा सीन कोणी पुसलेला नाही."

५

सगळे टेबलाभोवती जमले. यमुताई खुर्चीत, देवराव दाराशी. या वेळी चपला बाहेर काढून.

"आधी मला सांग," गार्गी पियूषला म्हणाली, "पुसलेल्या डिस्कवर काहीतरी खूण राहते ना?"

"राहते. पाटी पुसली तरी पेन्सिलीची रेघ दिसते, तसं. मोडकंतोडकं काहीतरी सापडतंच."

"आणि यात?"

"यात काहीच नाही. जशी काही..." तो थांबला. "जशी काही कधी वापरलीच नाही."

"कारण ती वापरलेलीच नाही. हा फोटो बघा. अष्टमीला पट्टी कुठे चिकटवलेली आहे? दिव्याच्या बाजूला. आज कुठे आहे? वायरच्या बाजूला. पट्टीचा कोपराही सुरकुतलाय आणि शाई पसरलीय. ही पट्टी भिजली, निघाली आणि परत लावली गेली. दुसऱ्या डिस्कवर."

श्वेताने पट्टीवरून बोट फिरवलं.

"नवमीला तिन्ही डिस्कांना ओली हळद लागली, कुंकू लागलं. ड्रॉवरलाही लागलेली अजून आहे, माझ्या लेकीने शोधली. पण डिस्का मात्र लख्ख. म्हणजे नंतर कोणीतरी त्या ओल्या फडक्याने पुसल्या." गार्गीने मागे वळून पाहिलं. "काकू?"

सुभद्राकाकू दारातच थांबल्या होत्या.

"पुसल्या ना म्या," त्या म्हणाल्या. "पूजा उतरल्यावर, दसऱ्याच्या दुपारी. मागच्या वर्षी श्वेता म्हणे, काकू, कुंकू भोकात जाते, मग मशीन धरत नाही. म्हणून म्या यंदा चांगल्या घासून पुसल्या, तिले त्रास नको म्हणून. दोन पट्ट्या निघाल्या, तर लावल्या परत. काहून? काय झालं वं?"

"कुठली कुठे होती, आठवतं?"

"तिन्ही सारख्याच तर होत्या!" काकूंचा चेहरा उतरला. "अगं बाई."

पियूषने तोपर्यंत ड्रॉवरमधली बिनपट्टीची, 'नवी' डिस्क काढली होती. सकाळपासून तिला कोणी हात लावला नव्हता. नव्या डिस्कमध्ये काय शोधणार? त्याने वायर जोडली. चौकोन उघडला आणि खोलीत सनई घुमली. हळद लावलेली नवरी, आणि मागे ताशावर नाचणारा एक जाड मामा.

"हे वामनरावांचं लग्न," श्वेता कुजबुजली. "मग वामनरावांकडे काय गेलं?"

पियूषने आधीच फोन लावला होता. स्पीकरवर भांड्यांचा आवाज, बायकांची बडबड.

"वामनकाका, काल नेलेली डिस्क कुठे आहे?"

"आहे ना! पोरगी पहिल्या दसऱ्याले माहेरी आली आहे. सगळ्या बाया जमल्या पाहाले. पण जागा नाही म्हणे टीव्हीच्या पेनड्राइव्हात, म्हणून आमची पुतणी त्याच डिस्कवरचं काहीतरी काढून गाणी भरून राहिली..."

"काका, तिला थांबवा! काहीच काढू नका!"

"अं? आवाज नाही येत, बापा. थांब, बाहेर..."

फोन कटला. परत लावला, तर कोणी उचलेना.

६

देवरावची जीप खाली उभी होती. "बसा," तो म्हणाला, आणि कोणी कारण विचारलं नाही. यमुताई पुढे, मागे श्वेता, पियूष आणि रितिकाला मांडीवर घेतलेली गार्गी. काटोल नाक्यापर्यंत पियूष वामनरावांना फोन लावत राहिला.

मग श्वेता म्हणाली, "पियूष, किल्ली तुझीच आहे. मी बोलायला नको होतं."

"राहू द्या, ताई."

"नाही, राहू कसं देऊ? सेटवर मी अकरा मिनिटं 'कट' म्हटलं नाही, माहितीये का? चौदा वर्षं दिग्दर्शकांना शिव्या घातल्या, लवकर कट म्हणतात म्हणून. त्या दिवशी तोंडातून शब्दच निघेना. मला स्वतःलाही कळत नव्हतं, चांगलं चाललंय की नुसतंच लांब. तू लांब म्हणालास, आणि मला खरंच भीती वाटली. ती तुझ्यावर काढली."

"मी तुकड्यातुकड्यांत पाहिला होता," पियूष म्हणाला. "उतरवताना, तपासायला. एकसलग नाही पाहिला."

"एवढं घाबरू नका," यमुताई पुढून बोलल्या. "गेला तर गेला. देवरावा, हळू चालव बापा, गड्डे पाहून."

पण त्यांनी पदराचं टोक बोटाला गुंडाळून घट्ट धरलं होतं.

कळमेश्वरला वामनरावांच्या दाराशी पंधरा-वीस चपलांचे जोड पडले होते. आतून एक आवाज येत नव्हता. लग्नाचा व्हिडिओ बघणाऱ्या घरातून आवाज येत नाही, असं श्वेताने चौदा वर्षांत पाहिलं नव्हतं. तिचे पाय पायरीवरच थबकले.

वामनराव दारात आले. त्यांनी ओठावर बोट ठेवलं.

"जरा थांबा," ते हलक्या आवाजात म्हणाले. "चालू आहे."

दिवाणखान्यात सतरंजीवर बायका दाटीवाटीने बसल्या होत्या. पुतणी लॅपटॉप मांडीवर घेऊन तशीच थांबलेली. काढून टाकण्याआधी काय आहे ते बघू, म्हणून तिने एकदा टीव्हीला जोडलं होतं, आणि त्यानंतर तिला कोणी बंद करू दिलं नव्हतं.

टीव्हीवर यमुताई होत्या. अंगणात, पाटावर. वेणी पुढे घेतलेली, कात्री हातात, आणि हात थरथरत होता. कात्री एकदा टेकली, परत बाजूला झाली. त्यांनी वेणीचं टोक सोडलं, परत विणलं, मुलगी विणायची तसं, तीन पेडांचं. मग कापलं. केस जाड होते, एका झटक्यात कापले गेले नाहीत. कापून झाल्यावर त्या कितीतरी वेळ नुसत्या बसून राहिल्या. एक चिमणी अंगणात आली, गेली. कोणी 'कट' म्हटलं नाही.

गार्गीने खोलीकडे पाहिलं. हिरव्या चुड्यातली नवी नवरी, वामनरावांची अदिती, खुर्चीवरून उठून कधीतरी आईच्या मागे सतरंजीवर येऊन बसली होती. आईच्या अंबाड्याचा काटा तिने काढला होता, आणि तो हातातच धरून ती टीव्ही बघत होती.

पडदा काळा झाला.

मग कोपऱ्यातली एक म्हातारी बोलली, "कोणाकडची वं ही बाई? नवरदेवाकडची का?"

"नाही वं, काकू. त्यायच्याकडची असती तर लग्नात दिसली नसती का?"

दारातून यमुताई म्हणाल्या, "मी कोणाचीच नव्हे. सावनेरची आहो."

पंधरा डोकी एकदम वळली. पदराआडचे आखूड केस, तोच चेहरा. कोणीतरी "अगं माय" म्हणालं आणि मग सगळ्या एकदम बोलायला लागल्या, सरकून जागा करायला लागल्या. यमुताईंना मधोमध बसवलं गेलं, कुंकू लावलं गेलं, लाडू हातात आला. एका पोरीने न विचारताच त्यांच्या केसांना हात लावून पाहिला. देवराव दाराबाहेर चपलांमध्ये उभा होता. त्याने एकदा रुमालाने चेहरा पुसला आणि वामनरावांना म्हणाला, "ऊन फार आहे."

श्वेताने पियूषकडे पाहिलं. "चार मिनिटं?"

पियूषने मान हलवली. "एक फ्रेमही कापायची नाही."

मग तिने पिशवीतून दुसरी डिस्क काढली. "वामनकाका, माफ करा, तुमचं लग्न आमच्याकडे राहिलं होतं. हे घ्या, लावा."

"लावू ना," अदितीची आई म्हणाली. केस मोकळे सोडून ती लेकीला टेकली होती. "लग्न काय, आपलंच आहे, पळून जाते थोडीच. आधी हे एकदा परत लावा."

"लावतो, काकू," पियूष लॅपटॉपसमोर मांडी घालून बसला. "पण आधी दोन प्रती करू द्या. पाच मिनिटं लागतील."

त्याने एक प्रत लॅपटॉपवर केली, दुसरी खिशातल्या पेनड्राइव्हवर. आकडे सरकत होते आणि श्वेता अजून उभीच होती, जशी ती सेटवर उभी असायची, एडिटिंगच्या वेळी पियूषच्या खुर्चीमागे उभी असायची.

"तू काहून उभी वं?" कोपऱ्यातल्या म्हातारीने तिचा हात धरून खाली ओढलं. "बस. आता चालू होईल."